खंडेनवमीचं शूटिंग

हार घातलेल्या लेथ मशीनचं जेवढं शूटिंग माझ्याकडे आहे, तेवढं आख्ख्या महाराष्ट्रात दुसऱ्या कुणाकडे असेल असं मला वाटत नाही. झेंडूचा हार, लोखंड धरणाऱ्या चकवर हळदीकुंकवाची बोटं, पुढ्यात फोडलेला नारळ, उदबत्तीचा धूर, आणि मशीन बंद. उजेड चांगला, फोकस पक्का, कॅमेरा जरासुद्धा हललेला नाही. नाव ठेवायला जागा नाही असं काम, आणि उपयोग शून्य. हलत्या चित्रांवर पोट भरणाऱ्या माणसाकडे न हलणाऱ्या यंत्रांचा एवढा साठा कसा झाला, हे सांगायला बसलो की माझं डोकं अजून तापतं.

मी मूळचा लग्नाचा कॅमेरावाला. नव्वद सालानंतर, खांद्यावर घ्यायचा आणि आख्खी कॅसेट पोटात घालून घेणारा तो मोठा कॅमेरा कोल्हापुरात मोजक्याच लोकांकडे होता, त्यातला एक माझ्याकडे. कामाला तोटा नव्हता. पण मला एक वाईट खोड. नवरानवरी स्टेजवर उभी असायची आणि माझा कॅमेरा मंडपवाल्याकडे वळायचा. वाशाला वासा जोडताना तो सुंभाला कसा पीळ देतो, आचारी कढईवर फडकं धरून जिलेबीचे वेढे कसे घालतो, बँडवाला क्लॅरिओनेटची पट्टी दोऱ्यानं कशी आवळतो, हे बघताना मी लग्न विसरून जायचो. कागलच्या एका मुलीचे वडील कॅसेट घेऊन तावातावानं माझ्या दुकानात आले होते. म्हणाले, "पावणं, पोरीच्या गळ्यात माळ पडली ती कुठं हाय ह्यात? आन् ह्यो आचारी आमचा कोण लागतोय?"

त्यांचं बरोबर होतं. पण मला खरंच तेच बघायला आवडायचं. एखादी वस्तू आधी नसते, मग कुणाच्या तरी हातातून ती हळूहळू होत जाते, आणि शेवटी ती असते. एवढंच दाखवायचं. मध्ये कुणी भाषण करायचं नाही, कुणी कॅमेऱ्याकडे बघून हसायचं नाही. अशी एक फिल्म, फक्त एक, सुरुवातीपासून शेवटपर्यंत करायची, असं मी ठरवलं. ती जमली की लग्नं सोडायची. माझी बायको शाळेत शिकवायची, आणि घरातलं महिन्याचं सगळं तिच्या पगारातून भागायचं. ती कधी अडवायला आली नाही. संध्याकाळी फक्त विचारायची, "आज काय बनताना बघितलंत?" आणि मी चिडून सांगायचो, "काही नाही. आज सत्कार बघितला."

कारण आमच्याकडे कॅमेरा आला की सत्कार होतो. दुसरं काही होत नाही. गावातल्या केबलवाल्यानं मला आठवड्याला अर्धा तास दिला होता. वस्तू कशा बनतात ते दाखवायचं, असं ठरलं. पहिल्या भागाला गुऱ्हाळावर गेलो. काहिलीत रस उकळत होता, मळी वर येत होती, बघत राहावं असं सगळं होतं. मला बघितल्यावर मालकानं गुळव्याला बाजूला घेतलं, त्याला धुतलेला सदरा घालायला पाठवलं, आणि खुर्च्या मांडल्या. खुर्च्यांवर सोसायटीचे लोक बसले. एकेक जण उठून गुळावर बोलला. गूळ तोवर मागे कुणीतरी थंड करायच्या वाफ्यात ओतूनसुद्धा टाकला. घाईघाईत जेवढं मिळालं तेवढं मी दाखवलं, तर केबलवाल्यानं पडद्याच्या खालच्या बाजूला वाढदिवसाच्या शुभेच्छांची पट्टी सोडली. माणसाचे हात पडद्यावर नेहमी खालीच असतात. आख्ख्या गावानं गुळव्याचं तोंड बघितलं, आणि त्याच्या हातांच्या जागी कुणा युवा नेत्याचा वाढदिवस. मी भांडायला गेलो तेव्हा केबलवाला म्हणाला, "पट्टी न्हाय सोडायची तर मग चॅनेल कशाला काढलंय?"

शिवाय हे सिनेमाचं गाव. इथं प्रत्येकाच्या घरातलं कुणी ना कुणी कधीतरी शूटिंगच्या गर्दीत उभं राहून आलेलं. मी कुठंही तिवई लावली की पहिला प्रश्न यायचा, "हिरो कोण हाय?" मी म्हणायचो, ही भट्टी हिरो. मग ते माझ्याकडे जरा कीव करून बघायचे आणि निघून जायचे.

अशात मला आण्णा भेटले.

उद्यमनगरात त्यांचं वर्कशॉप होतं. सगळे त्यांना आण्णाच म्हणायचे. घरात कानडी, बाहेर कोल्हापुरी, आणि दोन्ही भाषा सारख्याच मोठ्या आवाजात. कपाळावर विभूतीचे पट्टे, अंगात इस्त्रीचा पांढरा शर्ट, आणि त्याच शर्टात ते लेथवर उभे राहायचे. साध्या स्वभावाचे वगैरे मुळीच नव्हते. स्वतःच्या कामाचं कौतुक ते स्वतःच करायचे, आणि समोरचा कमी करतोय असं वाटलं तर त्याच्या वाटचंही करायचे. "असलं काम परदेशात हुईत न्हाय," असं दिवसातून एकदा तरी म्हणायचेच.

त्या वेळी ते काजू फोडायचं यंत्र करत होते. चंदगडला त्यांच्या मेहुणीच्या घरी लग्न होतं. "लग्नाला गेलतो," त्यांनी मला सांगितलं. "पोरी मेंदी काढाय बसल्या, तर निम्म्या बायकांच्या हाताला मेंदीच धरंना. कातडंच न्हाय जाग्यावर. काजूच्या टरफलातलं तेल लई वाईट, हात खातंय. मी तितंच म्हटलं, थांबा, आता यंत्रच करतो." यंत्र पायानं दाबायचं. वर दोन पाती, दोन्हींना काजूच्या आकाराचा पोकळ बाक. मध्ये बी ठेवायची, पायानं पट्टी दाबायची, टरफल दोन बाजूंना उघडतं, गर अख्खा राहतो, आणि हाताला तेल लागत नाही. सगळी करामत पात्याच्या त्या बाकात होती. तो बाक आण्णा कानशीनं हातानं घासायचे. थोडं घासायचं, बाकात काजू ठेवायचा, खिडकीकडे धरून फट बघायची, परत घासायचं.

हे मी डोळ्यांनी कितीदा तरी बघितलं. चहाच्या निमित्तानं जायचो आणि बघत बसायचो. खिडकीतून तिरका उजेड यायचा, लोखंडाचा कीस त्यात चमकायचा, आणि त्या माणसाचा तो सगळा दंगा त्या वेळेपुरता बंद व्हायचा. हीच माझी फिल्म, हे मला पहिल्याच दिवशी कळलं होतं. दुसऱ्या दिवशी कॅमेऱ्याची बॅग घेऊन गेलो. आण्णांनी बॅग बघितली, शेजारचं गोणपाट उचललं आणि कामावर टाकलं.

"हे झालं की दावतो," ते म्हणाले.

"आण्णा, होताना दाखवायचंय."

"अर्धं काम कुणाला दावायचं नसतंय. नजर लागती. काम बिघडतंय."

"मी तर रोज बघतोय."

"तुमची नजर येगळी. त्याची येगळी," आणि त्यांनी कॅमेऱ्याकडे बोट केलं. मी बॅग घेऊन गेलो की गोणपाट. बॅग ठेवून गेलो की कानस सुरू. असं कितीतरी महिने चाललं.

मात्र एक दिवस असा होता की ते स्वतः फोन करून मला कॅमेऱ्यासकट बोलवायचे. खंडेनवमी. दसऱ्याच्या आदल्या दिवशी आमच्याकडे सगळी हत्यारं, यंत्रं धुऊनपुसून मांडतात, त्यांची पूजा करतात, आणि पूजा झाल्यावर त्यांना हात लावत नाहीत. उद्यमनगरात एरवी कान किटतात, त्या दिवशी मात्र पाखरांचा आवाज ऐकू येतो. आणि नेमका त्याच दिवशी प्रत्येक मालकाला शूटिंग हवं असतं. मी पहिल्या वर्षी गेलो तेव्हा आण्णा रेशमी शर्ट घालून लेथशेजारी हात जोडून उभे होते.

मी म्हणालो, "आण्णा, एकदा चालू करा की. थोडंच."

"आज?" त्यांना धक्काच बसला. "आज त्यास्नी सुट्टी हाय. वर्सातनं एक दिवस मिळतोय बिचाऱ्यास्नी."

मग मी बंद लेथ घेतला. वरून घेतला, बाजूनं घेतला, हार घेतला, आण्णा घेतले. पेढे घेतले आणि घरी आलो.

दोन हजार सालानंतर कॅमेरे लहान झाले, टेपा लहान झाल्या, आणि मी लोन काढून घरी कॉम्प्युटरवर एडिटिंग सुरू केलं. तो कॉम्प्युटर काम करण्यापेक्षा बंद पडण्यातच तरबेज होता. पण त्याच सुमाराला एका ओळखीतून मुंबईच्या एका वाहिनीतल्या माणसाशी माझं फोनवर बोलणं झालं. त्याला मालिका हवी होती. म्हणाला, "एक नमुना पाठवा. एक वस्तू, सुरुवातीपासून शेवटपर्यंत. भाषणं नकोत, मुलाखती नकोत. फक्त काम दिसू दे." इतकी वर्षं जे मी गावभर ओरडत फिरत होतो, ते पलीकडून कुणीतरी आपण होऊन म्हणत होतं. फोन ठेवल्यावर मला बोलता येईना. बायकोनं विचारलं, "कोण गेलं?"

मी तडक आण्णांकडे गेलो. सगळं सांगितलं. हे जमलं तर मालिका मिळेल, लग्नं सुटतील, आणि तुमचं यंत्र देशभर दिसेल. शेवटचं वाक्य त्यांना पटलं. "मग ह्या बारीला नवीन पातं तुमच्यासमोरच," ते म्हणाले. "गुरवारी या." मी हात जोडले.

गुरुवारी मी कोपऱ्यावर वळलो तर वर्कशॉपपुढे मांडव. रांगोळी. भिंतींना नवा चुना. कामगार ओळीनं उभे, सगळ्यांच्या अंगात घडी मोडलेले नवे शर्ट. वर फलक, ‘शूटिंग शुभारंभ’. नगरसेवक यायचे होते म्हणून सगळे थांबलेले. ते आले, नारळ फुटला, आणि मी नको नको म्हणेपर्यंत कुणीतरी माझ्या कॅमेऱ्याला हार घातला आणि कुंकू लावायला बोट पुढे केलं. ते बोट लेन्सवर टेकलं. माझं तोंड बघून आण्णा म्हणाले, "शुभ असतंय की!" मी रुमालानं लेन्स पुसत उभा राहिलो. ते लालसर तेलकट बोट संध्याकाळपर्यंत गेलं नाही.

मग आण्णांनी गोणपाट ओढलं. खाली यंत्र होतं. पुरं झालेलं, हिरव्या ऑइलपेंटमध्ये चमकणारं, कडेनं पिवळी रेघ.

"हे झालं?" मी विचारलं.

"झालं की! आठवडाभर हाललो न्हाय हितनं. तुमास्नी तरास नको म्हणून सगळं करून ठिवलंय."

"आण्णा, अहो, होताना दाखवायचं होतं. तुम्ही कबूल केलं होतं."

"एवढ्या लोकांत कानस घिऊन बसू?" ते मनापासून चकित झाले होते. "पावणं, घरी कोण आलं तर ताट वाढून द्यायचं असतंय. कांदा चिरताना कोण दावतंय व्हय?"

सगळे हसले. नगरसेवकांनी टाळी वाजवली. आण्णांनी पाय दाबून काजू फोडले, लोकांनी ते खाल्ले, आणि ह्या सगळ्याचं व्यवस्थित शूटिंग माझ्याकडे आहे. राग येऊन उपयोग नव्हता, कारण त्या माणसानं माझा अपमान केला नव्हता, मान केला होता. त्याला समजावणार तरी काय? पुढच्या आठवड्यात मी शेजारच्या शेडमधून त्यांच्या खिडकीवर कॅमेरा लावून बसलो. आण्णा पातं हातात घेताहेत, कानस उचलताहेत, आणि एवढ्यात मला शेडमध्ये बघून आलेला चहावाला वर्कशॉपच्या दारातूनच ओरडला, "आण्णा, शर्ट बदला, शूटिंग चाललंय!" गोणपाट.

मी मांडवाचंच काहीतरी कापून, जोडून मुंबईला पाठवलं. वाहिनीतल्या माणसानं बऱ्याच दिवसांनी फोन उचलला. "सोहळा छान झालाय," तो म्हणाला. "पण वस्तू बनताना कुठं दिसते?" मी म्हणालो, आमच्याकडे ती बनताना दिसत नाही. त्याला तो विनोद वाटला. मालिका दुसऱ्या कुणाला तरी मिळाली, आणि मी पुन्हा लग्नं.

आण्णांकडे जाणं मी बंद केलं. रस्त्यात दिसले तरी गाडी वळवायचो. पण दसरा जवळ आला आणि फोन आला, "पावणं, येताय न्हवं?" आणि मी गेलो. पुढच्या वर्षीही गेलो, त्याच्या पुढच्या वर्षीही. चंदगडच्या बायकांची यंत्रं वाढत होती, आण्णांचा आवाज वाढत होता, आणि मी दर वर्षी एकदा म्हणायचो, "आण्णा, चालू करा की." ते दर वर्षी म्हणायचे, "आज त्यास्नी सुट्टी." आमची ती ठरलेली थट्टाच होऊन बसली होती. त्यांना ती थट्टा वाटायची. मी मात्र प्रत्येक वेळी खरंच विचारत होतो.

पुढे घरात इंटरनेट आलं. एक व्हिडिओ उघडायचा म्हणजे चहा करून प्यावा, तोवर तो भरायचा. भरला की दिसायचं काय, तर जगाच्या कुठल्या तरी टोकाला कुणीतरी आपल्या गॅरेजमध्ये सुरी करतोय, घड्याळ करतोय, खुर्ची करतोय. नुसते हात. कुणी बोलत नाही, कुणाला शाल नाही. माझी फिल्म. जशीच्या तशी माझी फिल्म, आणि ती भलतेच लोक करत होते, आपल्या घरी बसून, आपल्या अर्ध्या कामाची जराही लाज न बाळगता. बघताना मला आनंद व्हायला हवा होता. झाला नाही. सरळ सांगतो, जळफळाट झाला. चिडून मी खंडेनवमीची एक टेप इंटरनेटवर चढवली. खाली परदेशातल्या कुणीतरी विचारलं होतं, हा त्या मशीनचा अंत्यविधी आहे का? मी उत्तर लिहायला घेतलं, आणि लिहिलं नाही.

त्याच्या पुढच्या उन्हाळ्यात आण्णांना अर्धांगाचा झटका आला. जिवावरचं निभावलं, पण उजवा हात गेला. बोलणं जड झालं. वर्कशॉप त्यांच्या मुलीनं उघडं ठेवलं. ती आधीपासून तिथं काम करायची, लेथ चालवायची, यंत्राचं बाकी सगळं तिला येत होतं. फक्त पात्याचा बाक आण्णांनी कुणाच्या हातात दिला नव्हता. चंदगडच्या बायका झिजलेली पाती पिशवीत घालून एसटीनं आणून देत होत्या, आणि हिनं घासलेल्या पात्यावर काजूचे तुकडे होत होते. तुकड्याला भाव नसतो. काही बायका यंत्र बाजूला ठेवून परत हातानं फोडायला लागल्या होत्या.

ती माझ्या घरी आली. वडिलांना ती कानडी पद्धतीनं अप्पा म्हणायची. म्हणाली, "काका, अप्पा पातं घासताना कायतरी असंल की तुमच्याकडं. एवढी वर्सं शूटिंग करत आलायसा."

बायको आतून पाणी घेऊन आली.

"त्यांनाच विचार की," मी म्हणालो.

"विचारलं. डावा हात हवेत फिरवत्यात. ‘अशी, अशी’ म्हणत्यात. आन् मग चिडून पाण्याचा तांब्या ढकलून देत्यात." मग म्हणाली, "तुम्ही तर बघितलंय की समोर बसून."

बघितलं होतं. पण मी कॅमेरावाल्यासारखं बघितलं होतं. मला खिडकीतला उजेड आठवत होता, चमकणारा कीस आठवत होता. कानस कुठल्या अंगानं धरायची, कुठं दाब द्यायचा, ते मला आठवत नव्हतं. तेवढ्यासाठीच तर फिल्म करायची होती.

तरी सगळ्या टेपा घेऊन गेलो. जुना प्लेअरही नेला. आण्णा खुर्चीत बसले होते, उजवा हात मांडीवर ठेवलेला. मला बघून "पावणं" म्हणाले, ते ओळखू येण्याइतकं स्पष्ट होतं. मुलगी वही-पेन घेऊन टीव्हीपुढे जमिनीवर बसली. मी पहिली टेप लावली. लेथ, हार, नारळ, रेशमी शर्टातले आण्णा हात जोडून उभे. पुढची लावली. लेथ, हार, नारळ. मांडवाची लावली. नगरसेवक, पिवळी रेघ, टाळ्या. मी पुढे पळवत होतो, मागे घेत होतो, कुठंतरी मागच्या बाजूला तरी हात हलताना सापडतील म्हणून. मुलीनं वहीत काही लिहिलं नाही.

आण्णा टक लावून बघत होते. दर टेपेला आण्णा थोडे म्हातारे दिसत होते, लेथ तेवढाच चकचकीत. मग त्यांचा डावा हात उठला आणि टीव्हीकडे गेला.

"चालू... कर की," ते म्हणाले.

मुलीला वाटलं टेप अडकली. ती उठून प्लेअरशी खटपट करायला लागली. टेप चालूच होती. उदबत्तीचा धूर हलत होता.

"चालू करा की," आण्णा परत म्हणाले, ह्या वेळी मोठ्यानं, जवळजवळ पहिल्यासारखं, आणि माझ्याकडे बघून.

इतकी वर्षं मी त्यांना हेच म्हणत होतो. त्यांचं ठरलेलं उत्तर माझ्या तोंडात आलं होतं. मी ते गिळलं, ती टेप काढली आणि पुढची लावली. तिच्यातही लेथला हार होता.